देउसी वेगळी, भैलो वेगळा

दिवाळी आली की नेपाळचे व्हिडिओ फिरायला लागतात. आधी कुत्र्यांच्या गळ्यात झेंडूच्या माळा, मग अंगणात नाचणारी माणसं, आणि खाली ठरलेली ओळ: 'नेपाळचं देउसी-भैलो नृत्य'. सगळा घोटाळा त्या मधल्या आडव्या रेघेत आहे. नेपाळी माणसंही हे दोन शब्द जोडून बोलतात, कबूल. पण आपण हळदीकुंकू म्हणतो म्हणून हळद आणि कुंकू एक होत नाही.

भैलो आधी उरकतो, कारण भोंडला माहीत असलेल्याला तो फार समजावून सांगावा लागत नाही. लक्ष्मीपूजनाच्या रात्री मुली-बायका घोळक्याने घरोघर जातात, अंगणात लक्ष्मीची, घराची गाणी म्हणतात, खाऊ आणि पैसे घेऊन पुढे सरकतात. दिवस कोणता ते गाण्यातच सांगितलेलं आहे: 'हे औंसी बारो, गाई तिहारो भैलो'. औंसी म्हणजे अमावस्या. तिहारात, म्हणजे नेपाळच्या दिवाळीत, गाईची पूजाही त्याच दिवशी. आपल्याकडे ती वसुबारसेला झालेली असते.

देउसी सुरू होते दुसऱ्या दिवशी, प्रतिपदेला, आणि भाऊबीजेपर्यंत, म्हणजे तिथल्या भाइटीकेपर्यंत चालते. रिवाजाने ती पुरुषांची. जोडशब्दात पुढे बसलेली देउसी पंचांगात मागून येते, एवढं लक्षात ठेवलं तरी पुष्कळ. मादल, म्हणजे तिथला ढोल, दोन्हीकडे, नाच दोन्हीकडे, तांदळाच्या पिठाची तळलेली सेलरोटी तर दोन्हीकडे, त्यात काही शोधू नये.

बहुतेक लिहिणारे 'बायकांचा भैलो, पुरुषांची देउसी' म्हणतात आणि हात झटकतात. माझा खरा राग यावर आहे. आता गट मिसळलेले असतात, काठमांडूत तसे दार्जिलिंग-सिक्कीमकडेही. मुली देउसी खेळतात, मुलगे भैल्यात सूर लावतात. मग काय फरक मिटला? मुळीच नाही. तो गाणाऱ्यांत नाही, गाण्याच्या घडणीत आहे.

पोवाडा आठवा. शाहीर कडवं म्हणतो, मागे झीलकरी 'जी जी रं जी' ओढतात. देउसीतही एक जण पुढे असतो. त्याच्या कामाला नेपाळीत 'भट्याउनु' म्हणतात. बाकीच्यांकडे शब्द दोनच, 'देउसी रे'. मात्र शाहिराचं कडवं पुरं होईपर्यंत झीलकरी थांबतात. इथे तेवढा धीर नाही:

रातो माटो — देउसी रे
चिप्लो बाटो — देउसी रे
लड्दै पड्दै — देउसी रे
आएका हामी — देउसी रे

लाल माती, निसरडी वाट, पडत-धडपडत आलो आम्ही. तुकडे एवढेसे का? कारण ठरलेल्या ओळी संपल्या की पुढचं त्याला उभ्या उभ्या जुळवावं लागतं, आणि मागच्यांची आरोळी त्याला तेवढी उसंत देते. मग तो घराकडे बघतो. गच्चीवर नवी टाकी दिसली तर टाकी यमकात येते, परदेशातून आलेला मुलगा दारात उभा असेल तर तो येतो, आणि यजमानाने हात आखडता घेतला तर तोही सुटत नाही. भैल्यातही एखादी बाई पदरच्या दोन ओळी घालते, नाही असं नाही. पण एरवी तिथे पुढची ओळ सगळ्या घोळक्याला पाठ असते. देउसीत ती एकालाच ठाऊक असते, आणि कधी कधी त्यालाही नसते! डोळे मिटून ऐका: सगळ्यांचा मिळून सूर लांबत गेला तर भैलो, दर दोन शब्दांवर आरोळी पडली तर देउसी. बाई का पुरुष हे बघायची गरजच नाही.

स्पीकरवर तयार गाणी लावून नाचणारे गट माझ्या लेखी यातल्या कशातच बसत नाहीत. पैसे शाळेला, वाचनालयाला जात असतील तर उत्तमच. पण देउसी म्हणायची तर कुणीतरी भट्यावायला हवं.

'देउसी' शब्दाची फोड करणारेही पुष्कळ भेटतात. कुणी 'देवश्री' काढतं, कुणी बळीने वामनापुढे केलेलं शिर. मला दोन्ही ओढूनताणून आणलेलं वाटतं. बळी मात्र गाण्यात खरोखरच आहे: 'हामी त्यसै आएनौं, बलि राजाले पठाए'. आम्ही उगाच नाही आलो, बळीराजाने धाडलंय. आपल्याकडे 'इडा पिडा टळो, बळीचं राज्य येवो' म्हणत ओवाळतात, त्याच प्रतिपदेपासून तिकडे अंगणात हे घुमायला लागतं.

मग घरातून नाङ्लो येतं, आपल्या सुपाचा गोल भाऊ. त्यात तांदूळ, पेटती पणती, फुलं, सेलरोटीची कडी, खोचलेल्या नोटा. ते पुढ्यात आलं की मघाशी चिमटे काढणाराच आवाज बदलून घराला आशीर्वाद देऊ लागतो: माती धराल तिचं सोनं होवो. मागचे 'देउसी रे' म्हणतात, तोवर एखादं पोर पुढच्या घराचं फाटक वाजवत असतं.