इग्बो स्त्रियांचे युद्ध (१९२९)

आग्नेय नायजेरियातील इग्बो, इबिबिओ आणि शेजारच्या इतर जमातींच्या स्त्रियांनी १९२९ च्या अखेरीस ब्रिटिश राजवटीविरुद्ध केलेला उठाव. इग्बो भाषेत त्याला ‘ओगू उमून्वान्यी’ म्हणजे स्त्रियांचे युद्ध म्हणतात. सरकारी दप्तरात तो ‘आबा दंगली’ या नावाने नोंदला गेला. निमित्त कराचे झाले. पण काही दिवसांत हजारो स्त्रिया एका हाकेला जमल्या त्या कुणा पुढाऱ्याच्या भाषणाने नव्हे. त्यामागे गावोगावच्या स्त्रियांच्या जुन्या संघटना होत्या, आणि सरकारला त्या कधी दिसल्याच नव्हत्या.

इग्बो समाजात बहुतेक ठिकाणी राजा नव्हता. गावचा कारभार सभा, भावकी आणि वयोगटांच्या मंडळांतून चाले, आणि पुरुषांच्या मंडळांना समांतर अशी स्त्रियांचीही मंडळे असत. एका बाजूला ‘उमुआदा’, म्हणजे त्या कुळात जन्मलेल्या लेकी, लग्न होऊन परगावी गेलेल्या माहेरवाशिणींसह. दुसऱ्या बाजूला त्याच कुळात नांदायला आलेल्या सासुरवाशिणी. माहेरच्या भांडणात उमुआदांचा शब्द वजनदार असे. सासुरवाशिणींची मंडळे बाजाराचे नियम ठरवीत, मालाच्या किमतींवर लक्ष ठेवीत आणि नियम मोडणाऱ्याला दंड करीत. नायजर नदीच्या काठच्या काही नगरांत ‘ओमू’ हे स्त्रीप्रमुखाचे पदही होते.

याचा अर्थ स्त्री-पुरुष समान होते असा नाही. जमीन पुरुषांच्या हाती होती. कोनफळाच्या जातीचा याम हा मानाचा कंद पुरुषाचा. आळकुड्या आणि कसावा (आपला उपासाचा साबुदाणा होतो तोच कंद) बायकांचा. पाम तेल पुष्कळ भागांत नवऱ्याच्या मालकीचे आणि बियांतली गिरी बायकोची. पण बाजार बायकांचा होता. एके, ओरिए, आफो आणि न्क्वो असा चार दिवसांचा आठवडा, आणि त्यानुसार आज या गावी, उद्या त्या गावी बाजार. लग्ने गावाबाहेर होत, त्यामुळे एकेका बाईचे नातेसंबंध दहा गावांत पसरलेले. बातमी आणि निरोप याच वाटांनी जात.

या मंडळांचे सर्वांत कडक हत्यार म्हणजे दोषी पुरुषाच्या दारी ठाण मांडणे. बायकोला मारझोड करणारा, बायकांच्या पिकात गुरे सोडणारा किंवा बाजाराचा नियम मोडणारा यांच्यावर ते चाले. स्त्रिया ठरवून त्याच्या घरी जात, पुष्कळदा रात्री. त्याच्या अंगणात नाचत, त्याच्या अपराधाचा पाढा गाण्यातून वाचत, त्याच्या मर्दपणाची टिंगल करीत. याम कुटायची मुसळे झोपडीच्या भिंतींवर आपटत. प्रकरण फारच चिघळले तर छप्पर उतरवीत. तो चूक कबूल करून सुधारण्याचे वचन देईपर्यंत कुणी हलत नसे. गावातले इतर पुरुष मध्ये पडत नसत; हा बायकांचा हक्कच मानला जाई.

ब्रिटिशांनी या भागात अप्रत्यक्ष राज्याची, म्हणजे स्थानिक प्रमुखांमार्फत कारभार चालवण्याची, पद्धत आणली. तिला गावागावात एक मुखिया लागे. तो नव्हता म्हणून त्यांनी तो तयार केला: सरकारी सनद देऊन नेमलेले हे ‘वॉरंट चीफ’ स्थानिक न्यायालयांत बसत, करवसुलीला मदत करीत आणि लाचही खात. ते जवळपास सगळे पुरुष होते. ठळक अपवाद एनुगू-एझिके येथील आहेबी उग्बाबे हिचा. १९१८ च्या सुमारास ती वॉरंट चीफ झाली, पुढे गावची ‘एझे’ म्हणजे राजाही म्हणवली गेली, आणि प्रथेप्रमाणे तिने स्वतः ‘पती’ होऊन बायकाही केल्या. (इग्बोंमध्ये स्त्रीने वधुमूल्य देऊन दुसरी स्त्री घरात आणण्याची रीत होती, त्या स्त्रीची मुले पहिलीच्या घराण्याची ठरत.) पण एका आहेबीने व्यवस्था बदलत नाही. न्यायदान सरकारी कोर्टाकडे गेले आणि मंडळांनी स्वतः दंड करणे बेकायदा ठरले. स्त्रियांची सत्ता काढून घेणारा कायदा कुणी केला नाही; ती आहे हेच कुणाच्या ध्यानात आले नाही.

१९२८ मध्ये पुरुषांवर कर बसला. त्याआधी पुरुषांची शिरगणती झाली होती आणि ती कशासाठी हे तेव्हा धड सांगितले गेले नव्हते. म्हणून १९२९ मध्ये बेंडे विभागातील एका अधिकाऱ्याने बायका, मुले आणि जनावरेही मोजायचा हुकूम काढला, तेव्हा लोकांनी त्याचा सरळ अर्थ लावला: आता बायकांवरही कर येणार. त्या वर्षी पाम तेलाचे भावही पडले होते.

नोव्हेंबरमध्ये ओलोको येथे वॉरंट चीफ ओकुगो याचा माणूस न्वान्येरूवा नावाच्या स्त्रीच्या अंगणात आला. ती पाम तेल काढत होती. शेळ्या, मेंढ्या आणि घरची माणसे मोजून दे, असे त्याने म्हणताच, तुझ्या आईला कुणी मोजले होते का, असे तिने विचारले. दोघांची झटापट झाली. तेलाने माखलेल्या हातांनीच ती सुटली आणि तिने स्त्रियांच्या सभेला वर्दी दिली. तिथून पामच्या कोवळ्या पानांचे निरोप गावोगाव गेले. हजारो स्त्रिया ओलोकोत जमल्या आणि त्यांनी ओकुगोच्या दारी ठाण मांडले. त्यांनी त्याची अधिकाराची टोपी मागितली. सरकारने ती काढून त्यांच्या हवाली केली, त्याच्यावर खटला चालवला आणि त्याला दोन वर्षांची शिक्षा ठोठावली. ओलोकोच्या इकोन्निया, न्वान्नेदिया आणि न्वुगो या तिघींनी सारे शिस्तीत चालवले. स्वतः न्वान्येरूवाचाही आग्रह हिंसा नको असाच होता.

पण एका टोपीने लोण थांबले नाही. ओवेरी आणि कॅलाबार प्रांतांत ठिकठिकाणी स्त्रिया निघाल्या: कमरेला आखूड वस्त्र, तोंडाला राख किंवा कोळसा, डोक्याला नेच्याची पाने, हातात पामच्या झावळ्या गुंडाळलेली काठी. सोळा स्थानिक न्यायालयांवर हल्ले झाले आणि बहुतेक मोडली वा जाळली गेली. आबा शहरात बार्कलेज बँक आणि युरोपीय कंपन्यांच्या वखारी लुटल्या गेल्या. वॉरंट चीफांच्या टोप्या हिसकावल्या गेल्या. एकाही युरोपीय माणसाचा जीव गेला नाही.

सरकारने सैन्य आणले. शिपाई बायकांवर गोळ्या झाडणार नाहीत असा स्त्रियांचा समज होता. १६ डिसेंबरला ओपोबो येथे त्या सरकारी कचेरीपुढे मागण्यांचा लेखी कागद मागत उभ्या होत्या. त्यात बायकांवर कर नको, घरच्या वस्तूंची मोजदाद नको, बाजाराच्या शेडला भाडे नको, नाचगाण्याच्या खेळांना परवाना नको अशी कलमे होती. अधिकाऱ्याने ती टंकलिखित करून दिलीही. गर्दी कुंपणाला रेटू लागली तेव्हा गोळीबाराचा हुकूम सुटला. एकट्या ओपोबोत तीसहून अधिक स्त्रिया मेल्या. सगळ्या उठावात पन्नासहून अधिक.

पुढच्या वर्षी मुख्य न्यायाधीश डोनाल्ड किंग्डन यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी आयोग बसला. आयोगात एकही स्त्री नव्हती. पण स्त्रियांच्या साक्षी त्याने तपशिलात उतरवून घेतल्या, आणि आज हा इतिहास लिहिता येतो तो बराचसा त्यांच्यामुळेच. आम्ही फळे देणाऱ्या झाडांसारख्या, मग आम्हाला मोजायचे कारण काय, असा सवाल त्यांत येतो. गावांना सामूहिक दंड मात्र झालेच.

१९३३ पर्यंत वॉरंट चीफ पद्धत मोडीत निघाली. नव्या न्यायालयांत अनेक सदस्य बसू लागले, त्यांत मोजक्या स्त्रियाही होत्या. इग्बो स्त्रियांचा अभ्यास करायला सिल्विया लीथ-रॉस आणि मार्गारेट ग्रीन या ब्रिटिश संशोधिका आल्या. गोळ्या आधी आणि अभ्यास नंतर, हा क्रम वसाहतीच्या कारभाराबद्दल बरेच काही सांगतो. स्त्रियांची मंडळे स्वतःच दंड करीत, तो अधिकार मात्र परत आला नाही. पुरुषांवरचा करही कायम राहिला.

१९४० च्या दशकात मार्गारेट एक्पो यांनी आबाच्याच बाजारातल्या स्त्रियांची संघटना उभारली आणि तिच्या बळावर त्या पूर्व नायजेरियाच्या विधानसभेपर्यंत पोहोचल्या. पूर्व नायजेरियात स्त्रियांना १९५४ मध्ये मतदानाचा हक्क मिळाला. उत्तरेत १९७६ पर्यंत थांबावे लागले. जुलै २००२ मध्ये नायजर त्रिभुज प्रदेशात एस्क्राव्होस येथे इत्सेकिरी स्त्रियांनी शेव्हरॉनच्या तेल-तळाचा ताबा घेतला आणि अंगावरची वस्त्रे उतरवण्याची धमकी दिली. वयस्क स्त्रीने असे करणे तिथे शापासमान मानतात. कंपनीला नोकऱ्या आणि गावांतील सोयींबाबत वाटाघाटी कराव्या लागल्या.

जमिनीचा प्रश्न सर्वांत उशिरा हलला. उमुआदांना माहेरच्या भांडणात आणि अंत्यविधीत मान होता, तरी बापाच्या मालमत्तेत लेकीला वाटा नव्हता. एप्रिल २०१४ मध्ये नायजेरियाच्या सर्वोच्च न्यायालयाने उकेजे खटल्यात ही इग्बो प्रथा घटनाबाह्य ठरवली.