खाजन

खाजन : खाडीकाठची, भरतीच्या पातळीखालची, बांध घालून लागवडीस आणलेली गोव्यातील जमीन. मांडवी, झुआरी, शापोरा व साळ या नद्यांच्या काठी, विशेषतः तिसवाडी, बार्देश व सासष्टी तालुक्यांत, ती आढळते. क्षेत्र सुमारे १८,००० हेक्टर धरतात.

प्रारंभाविषयी एकमत नाही. ही व्यवस्था साडेतीन हजार वर्षांची असल्याचे पुष्कळदा सांगितले जाते. त्याला लेखी आधार मात्र नाही. बांदिवडे येथील ताम्रपटात कोकणचा मौर्य राजा अनिर्जितवर्मन याने खाजन जमीन दान दिल्याचा उल्लेख आहे. हा ताम्रपट साधारणतः सहाव्या-सातव्या शतकातील मानला जातो. पोर्तुगीज अधिकारी अफोंसो मेशिया याच्या १५२६ च्या सनदेत (फोराल) चार माणसांनी येऊन ओसाड बेट लागवडीखाली आणल्याची परंपरा नोंदली आहे. तीवरून बांधांची निगा राखणारी गावकरी संस्था (कोमुनिदाद) आगंतुकांनी स्थापिली असे काही अभ्यासक मानतात. इतरांच्या मते ती स्थानिक कष्टकऱ्यांच्या सहकारातून वाढली. खाडीचा बांध एका घराच्या बळावर उभा राहत नाही आणि टिकतही नाही, हे ध्यानात घेता दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते.

बांध चिखल, पेंढा व जांभ्या दगडाचा असतो. बाहेरची खारफुटी लाटांचा मारा झेलते. पाण्याचे नियमन मानशीतून (बांधातील जलद्वारातून) होते. भरतीचे पाणी बाहेरून रेटते तेव्हा तिची लाकडी दारे चौकटीवर घट्ट बसतात. ओहोटीला आतल्या पाण्याच्या दाबाने ती आपोआप उघडतात. पावसाने माती धुऊन खारेपण उतरले, की कोरगूटसारखे खारे पाणी सोसणारे भात घेतात. मानशीमागच्या खोलगट भागात शेवटे व काळुंद्रे हे मासे, सुंगटे (कोळंबी) व कुर्ल्या (खेकडे) मिळतात. काही ठिकाणी मिठागरेही आहेत.

मानशीवरील मासेमारीची पावणी (लिलाव) होते. मासळीच्या लोभाने भरतीला दारे उघडी ठेवली, की खारे पाणी शेतात शिरते. गावातील तंट्यांचे हे जुने कारण होय. १९६४ च्या कूळ कायद्यानंतर बांधांची निगा हळूहळू कोमुनिदादीकडून कूळ संघांकडे गेली. खनिजवाहू बार्जांच्या लाटांनीही बांध खचले. फुटलेल्या बांधांमागे भाताच्या जागी खारफुटी माजलेली अनेक गावांत दिसते. २०११ च्या किनारी नियमन अधिसूचनेने खाजन जमिनीत विकासकामांना मनाई केली.