जगात कुठेच नसलेला सूक्ष्मदर्शक

‘व्हेजिटेटिव्ह इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपी’. मराठीत आणायचे तर ‘शाकीय इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शन’. शाळेत विज्ञान शिकलेल्या कुणालाही यातले दोन्ही भाग परके नाहीत. बटाट्याच्या डोळ्यातून कोंब फुटतो, पानफुटीच्या पानाच्या कडेला रोपे उगवतात, ते शाकीय प्रजनन. विषाणूंची करडी चित्रे ज्यातून मिळतात, तो इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक. दोन्ही जोडले की वनस्पतींच्या पेशी पाहण्याचे एखादे खास तंत्र असेल, असे वाटून जाते. असे तंत्र नाही. हे नाव धारण करणारे यंत्र कुणी बनवलेले नाही आणि कुठल्याही प्रयोगशाळेत ते बसवलेले नाही. तरीही 2025 साली गूगल स्कॉलरवर शोध घेतला असता ही संज्ञा वापरणारे 22 शोधनिबंध सापडत होते.

हा शब्द कुणी मुद्दाम घडवला नाही. तो चुकून जन्मला आणि पुढे माणसांनी व यंत्रांनी मिळून वाढवला. त्याचा प्रवास समजून घ्यायचा तर आधी खऱ्या सूक्ष्मदर्शकाकडे वळायला हवे.

दृश्य प्रकाशाची तरंगलांबी साधारण 400 ते 700 नॅनोमीटर. त्यामुळे साध्या सूक्ष्मदर्शकातून सुमारे 200 नॅनोमीटरपेक्षा जवळ असलेले दोन बिंदू वेगळे दिसत नाहीत. भिंग कितीही चांगले घ्या, ही मर्यादा प्रकाशाच्या स्वभावातच आहे. इलेक्ट्रॉनही तरंगासारखा वागतो आणि एक लाख व्होल्टने वेग दिलेल्या इलेक्ट्रॉनची तरंगलांबी नॅनोमीटरच्या अडीचशेव्या भागाइतकी, म्हणजे सुमारे 0.004 नॅनोमीटर भरते. बर्लिनमध्ये अर्न्स्ट रुस्का आणि मॅक्स नॉल यांनी 1931 साली काचेच्या भिंगांऐवजी चुंबकीय भिंगे वापरून पहिला इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक उभा केला. रुस्कांना त्यासाठी नोबेल मिळाले ते थेट 1986 मध्ये.

पुढे त्याचे दोन मुख्य प्रकार रूढ झाले. एकात नमुन्याचा अतिशय पातळ काप घेतात आणि इलेक्ट्रॉन त्याच्या आरपार जातात. दुसऱ्यात इलेक्ट्रॉनांचा बारीक झोत नमुन्याच्या पृष्ठभागावरून ओळीओळीने फिरतो. प्रत्येक बिंदूवरून उसळून बाहेर पडणारे इलेक्ट्रॉन मोजले जातात आणि त्यांच्या कमीजास्त संख्येतून चित्र तयार होते. मुंगीच्या डोळ्याची, परागकणांची ती उठावदार चित्रे या दुसऱ्या प्रकारातली. त्यासाठी नमुना वाळवून घ्यावा लागतो, त्यावर बहुधा सोन्याचा अत्यंत पातळ मुलामा देतात आणि मग तो निर्वात कक्षात ठेवतात. पहिला प्रकार ‘ट्रान्समिशन’, दुसरा ‘स्कॅनिंग’. आपल्याकडचे संशोधक विद्यार्थी एकमेकांना ‘सॅम्पल एसईएमला दिलंय’ असे सांगतात, तो हा स्कॅनिंग प्रकार.

या दोन्ही नावांत एक शिस्त आहे. झोत नमुन्याशी नेमके काय करतो, हे नावच सांगते: आरपार जातो किंवा पृष्ठभागावरून फिरतो. ‘शाकीय’ हा शब्द झोताबद्दल काहीच सांगत नाही. संज्ञा पोकळ असल्याची पहिली खूण इथेच दिसते, आणि ती ओळखायला पदार्थविज्ञानाची पदवी लागत नाही.

मग हे दोन शब्द एकत्र आले कसे?

‘व्हेजिटेटिव्ह’ या शब्दाला जीवाणूशास्त्रात स्वतःचे मानाचे स्थान आहे. बॅसिलस कुळातले जीवाणू अन्न संपले की जाड कवचाचे बीजाणू बनवून निद्रिस्त होतात. त्यातले काही उकळत्या पाण्यालाही दाद देत नाहीत. परिस्थिती सुधारली की ते पुन्हा वाढू लागतात. या वाढणाऱ्या, विभागणाऱ्या अवस्थेतल्या पेशीला ‘व्हेजिटेटिव्ह’ पेशी म्हणतात. 1950 च्या दशकात या पेशींच्या भित्तिकेवर पुष्कळ काम चालू होते आणि इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक तेव्हा नव्याने हाती आलेले साधन होते. साहजिकच दोन्ही शब्द एकाच निबंधात यायचे. ‘बॅक्टेरिऑलॉजिकल रिव्ह्यूज’ या नियतकालिकात 1959 साली आलेल्या अशाच एका लेखात मजकूर दोन स्तंभांत छापलेला होता. डाव्या स्तंभातल्या एका ओळीत ‘व्हेजिटेटिव्ह’ आले आणि अगदी त्याच उंचीवर, उजव्या स्तंभात, ‘इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपी’.

माणूस असे पान वाचतो तेव्हा डावा स्तंभ संपवून उजव्याकडे जातो. अनेक दशकांनी या पानांचे स्कॅन झाले, अक्षरे ओळखणाऱ्या प्रणालीने मधली मोकळी जागा ओलांडली आणि ओळ सरळ वाचून काढली. छापील पानावर चूक नव्हती. ती संगणकात साठवलेल्या मजकुरात जन्मली, आणि तिथे ती कुणाच्या डोळ्यांना दिसण्याचे कारण नव्हते.

दुसरा धागा इराणकडे जातो. 2017 आणि 2019 मधल्या दोन इराणी शोधनिबंधांत, इंग्रजी सारांशात आणि चित्रांखालच्या ओळींत, ही संज्ञा आढळते. फारसीत स्कॅनिंगसाठी ‘रूबेशी’ असा शब्द आहे. त्याचा मूळ धातू झाडण्याचा. झाडूला फारसीत ‘जारूब’ म्हणतात. इलेक्ट्रॉनांचा झोत पृष्ठभाग झाडत जातो, ही कल्पना मला स्कॅनिंगपेक्षाही बोलकी वाटते. वनस्पतींच्या वाढीसंबंधीचा शब्द आहे ‘रूयेशी’. फारसी लिपीत या दोन शब्दांत फरक आहे तो एका टिंबाचा: एकात अक्षराखाली एक टिंब, दुसऱ्यात दोन. टंकताना किंवा भाषांतर करताना ते टिंब निसटले असणार, हे बहुधा या निबंधांमागचे कारण.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. अशा निबंधातले काम खोटेच असेल असे नाही. संशोधकाने खरोखर एसईएमवर नमुने पाहिले असतील, चित्रे अस्सल असतील आणि फक्त इंग्रजी करताना घात झाला असेल. ज्यांची मातृभाषा इंग्रजी नाही अशा जगभरच्या संशोधकांवर परक्या भाषेत लिहिण्याचे केवढे ओझे असते, हे आपण मराठी माणसांनी तरी विसरू नये. माझा आक्षेप आहे तो पुढच्या टप्प्यांना. सहलेखक, दोन-तीन परीक्षक, संपादक, मुद्रितशोधक यांच्यापैकी कुणीच ‘हे कोणते यंत्र?’ असे विचारले नाही.

विचारले ते टोपणनावाने लिहिणाऱ्या एका रशियन रसायनशास्त्रज्ञाने. त्यानंतर शोधनिबंधांतल्या गैरप्रकारांचा माग घेणाऱ्या इतरांनी ही संज्ञा कुठे कुठे आली आहे ते शोधायला सुरुवात केली. स्प्रिंगर नेचर या प्रकाशनसंस्थेच्या नियतकालिकातला एक निबंध बराच वाद होऊन मागे घेतला गेला. एल्सेव्हियर या दुसऱ्या प्रकाशनसंस्थेने आधी आपल्याकडच्या एका निबंधातल्या या शब्दप्रयोगाचे समर्थन केले आणि नंतर दुरुस्ती छापली. समर्थनाचा तो टप्पा मला सगळ्यात चिंतेचा वाटतो. शब्द छापून आला की त्याला अर्थ असलाच पाहिजे असे धरून आपण अर्थ शोधू लागतो, आणि शोधला की तो सापडतोही.

यानंतर गोष्ट भाषिक मॉडेलांपर्यंत पोहोचते. चॅटजीपीटीसारख्या साधनांमागची मॉडेले इंटरनेटवरचा अफाट मजकूर वाचून, एका शब्दानंतर कोणता शब्द येण्याची शक्यता किती, हे शिकतात. शब्दामागे वस्तू आहे की नाही, याची नोंद त्यात कुठेच होत नाही. ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँड तंत्रज्ञान विद्यापीठाच्या संशोधकांनी एक साधी चाचणी केली. जुन्या निबंधातले वाक्य अर्धे तोडून वेगवेगळ्या मॉडेलांना ते पूर्ण करायला दिले. जीपीटी-2 आणि बर्ट या आधीच्या मॉडेलांनी ही संज्ञा दिली नाही. जीपीटी-3 ने ती सातत्याने दिली, आणि नंतरच्या काही मॉडेलांतही ती टिकून होती. म्हणजे संज्ञा कोणत्या टप्प्यावर आत शिरली याचा अंदाज बांधता येतो. संशोधकांचा संशय ‘कॉमन क्रॉल’ या इंटरनेटवरून गोळा केलेल्या प्रचंड मजकूरसाठ्यावर आहे. अशा चुकीला त्यांनी ‘डिजिटल जीवाश्म’ म्हटले. लाखो गिगाबाइटच्या साठ्यातून असे दोन-तीन शब्द वेचून काढणे फार अवघड. आणि आता संशोधक या साधनांकडून इंग्रजी सुधारून घेतात, तेव्हा तोच शब्द नव्या निबंधात उतरण्याची वाट मोकळी राहते.

संगणक येण्यापूर्वीही असे घडले आहे. अमेरिकेतल्या वेब्स्टर शब्दकोशाच्या 1934 च्या मोठ्या आवृत्तीत ‘डॉर्ड’ असा शब्द छापला गेला. अर्थ दिला होता घनता. शाखा, पदार्थविज्ञान आणि रसायनशास्त्र. मुळात 31 जुलै 1931 रोजी रसायनशास्त्राचे संपादक ऑस्टिन पॅटरसन यांनी एक चिठ्ठी पाठवली होती. घनतेसाठी मोठा ‘डी’ किंवा छोटा ‘डी’ हे संक्षेप वापरतात, एवढेच त्यात होते. इंग्रजीत ‘किंवा’साठी ‘ऑर’. ‘D or d’ ही चारही अक्षरे सलग, ‘Dord’ अशी वाचली गेली आणि चिठ्ठी संक्षेपांच्या ढिगाऐवजी शब्दांच्या ढिगात पडली. 1939 च्या फेब्रुवारीत एका संपादकाच्या लक्षात आले की या नोंदीला व्युत्पत्तीच नाही. शोधाशोध झाली, चूक उघडी पडली आणि पुढे कोशातून शब्द काढला गेला.

डॉर्ड पकडला गेला याचे श्रेय त्या कोशाच्या रचनेला आहे. प्रत्येक शब्दापुढे ‘हा कुठून आला’ यासाठी जागा राखलेली होती आणि ती रिकामी राहिलेली डोळ्यांत भरली. शोधनिबंधात अशी जागा नसते. पद्धतीच्या विभागात संज्ञा एकदा लिहिली की ती सर्वांना माहीत आहे असे गृहीत धरतात.

विज्ञानाला घडवलेले शब्द लागतातच, नाही असे नाही. ‘इलेक्ट्रॉन’ हा शब्दच जॉर्ज स्टोनी यांनी 1891 मध्ये सुचवलेला, जे. जे. थॉमसन यांनी तो कण प्रयोगाने दाखवला 1897 मध्ये. मायकेल फॅरडेंना विद्युत अपघटनात जे दिसत होते त्याला जुनी नावे पुरेनात, म्हणून त्यांनी 1834 साली विल्यम ह्युएल या विद्वानाला पत्रे लिहून सल्ला घेतला. ‘ॲनोड’, ‘कॅथोड’, ‘आयन’ हे शब्द त्यातून आले. टेबलावर भांडे होते, त्यात दोन पट्ट्या होत्या, त्यांच्याशी काहीतरी जमत होते. त्या दिसणाऱ्या गोष्टींना नावे हवी होती.

उलट दिशेने घडवलेल्या शब्दांचा मात्र आज सुळसुळाट झाला आहे. गियोम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव या संशोधकांनी 2021 मध्ये अशा शब्दप्रयोगांना ‘टॉर्चर्ड फ्रेजेस’, म्हणजे पिळवटलेले शब्दप्रयोग, हे नाव दिले. वाङ्मयचौर्य पकडणाऱ्या प्रणालीला चकवण्यासाठी काही जण दुसऱ्याचा मजकूर समानार्थी शब्द भरणाऱ्या साधनातून काढतात. मग ‘आर्टिफिशियल इंटेलिजन्स’चे ‘काउंटरफीट कॉन्शसनेस’ होते, म्हणजे बनावट जाणीव. आणि ‘ब्रेस्ट कॅन्सर’चे होते ‘बूझम पेरिल’, उराचे संकट. कर्करोगावरच्या निबंधात रोगाचेच नाव नाहीसे झाले असेल, तर त्यातल्या औषधाच्या मात्रेवर कुणी विश्वास ठेवायचा? शाकीय सूक्ष्मदर्शनाची चूक निरागस असू शकते; ही तशी नाही. दोन्ही शोधण्याची रीत मात्र एकच आहे. काबानाक यांनी उभारलेली प्रणाली अशा शब्दप्रयोगांची यादी घेऊन प्रकाशित निबंध चाळते आणि संशयास्पद निबंध माणसाने वाचावेत म्हणून पुढे ठेवते.

मराठीला हा धोका अधिक जवळचा आहे, असे मला वाटते. इंग्रजीत एका चुकीच्या वाक्यासमोर हजारो बरोबर वाक्ये उभी असतात. मराठीत विज्ञानाचा मजकूर इंटरनेटवर मुळातच थोडा, त्यामुळे एखादी चूक शिरली तर तिला खोडून काढणारी पाने कमी. ‘सृष्टिज्ञान’ हे विज्ञान मासिक 1928 साली सुरू झाले. असे जुने विज्ञानलेखन स्कॅन होऊन सर्वांना वाचायला मिळावे, अशी माझी मनापासून इच्छा आहे. पण देवनागरीत ‘ध’ आणि ‘घ’, ‘भ’ आणि ‘म’ यांत फरक एवढासा, आणि जुन्या खिळ्यांच्या छपाईत शाई पसरली की तोही पुसट होतो. ‘धन’ म्हणजे पॉझिटिव्ह. ‘घन’ म्हणजे घनता, घनफळ, घनरूप यांतला घन. दोन्ही पदार्थविज्ञानाचेच शब्द. त्यामुळे ‘धनप्रभार’चा ‘घनप्रभार’ झाला तर शुद्धलेखन तपासणारे साधन कदाचित अडणार नाही आणि घाईतल्या वाचकालाही तो शब्द भारदस्तच वाटेल. तो अडेल फक्त त्याच्यापाशी, जो याच्या जोडीचा ‘ऋणप्रभार’ शेजारच्या ओळीत शोधतो. म्हणून अशा मजकुराची मुद्रिते विषय शिकवणाऱ्या शिक्षकांकडून तपासून घ्यावीत आणि मूळ पानाचे चित्र मजकुराशेजारीच उपलब्ध ठेवावे.