बेबे कोणता आणि बू-द-झाँ कोणता?

पहिल्या महायुद्धाच्या आधीच्या फ्रेंच विनोदी मूकपटांत एक खट्याळ पोरगा सारखा दिसतो. पण पोरं दोन आहेत, बेबे आणि बू-द-झाँ. घोटाळा व्हायला सगळी सोयही आहे. दोघंही पॅरिसच्या गोमाँ या चित्रपट कंपनीचे, दोघांचाही दिग्दर्शक लुई फयाद, आणि भरीस भर म्हणजे एकाचं नाव रने पोयाँ, तर दुसऱ्यानं मोठेपणी घेतलेलं नाव रने दारी.

बेबे आधीचा. मूळ नाव क्लेमाँ मारी, जन्म 1905 चा. 1910 ते 1913 या काळात त्याचे सत्तरेक छोटे चित्रपट निघाले. हा खात्यापित्या घरचा, नीटनेटक्या कपड्यांतला मुलगा आणि त्याची सगळी गंमत मोठ्यांची नक्कल करण्यात. ‘बेबे आपाश’मध्ये तो पॅरिसच्या गल्लीतल्या गुंडाचं सोंग घेतो. गोड आहे, नाही असं नाही. पण पाहुण्यांसमोर कविता म्हणायला उभ्या केलेल्या पोरासारखं त्याचं अर्धं लक्ष शाबासकीकडे असतं.

बू-द-झाँचं तसं नाही. 1908 साली जन्मलेला पोयाँ 1912 मध्ये पहिल्यांदा पडद्यावर आला, तोही बेबेच्याच चित्रपटात. बेबे रस्त्यावरचं एक पोर भाऊ म्हणून घरी आणतो, ते हे पोर. पुढे त्यानं थोरल्याची जागाच घेतली आणि 1916 पर्यंत पन्नासहून जास्त चित्रपट केले. अंगात ढगळ कपडे, डोक्यावर हॅट, चेहऱ्यावर बेरकी भाव. मोठ्यांची नक्कल करण्यापेक्षा त्यांना टोपी घालण्यात याला रस. 1913 च्या एका चित्रपटात तर हा चक्क हत्ती चोरतो! एवढंसं पोर आणि मागे एवढं धूड, एवढ्यावरच हसू फुटतं. माझं मत विचाराल तर बू-द-झाँच सरस.

अजून गोंधळ होत असेल तर पुढची कारकीर्द बघा. फयादच्या ‘ले वाँपीर’ या गुन्हेगारी चित्रपटमालिकेत माझामेत नावाच्या पात्राचा जो आगाऊ मुलगा दिसतो, तो बू-द-झाँ. फयादच्याच ‘ज्यूदेक्स’ या चित्रपटमालिकेतलं पोरगंही तेच. बेबे मात्र बोलपटांत नट म्हणून टिकला. 1954 च्या ‘तूशे पा ओ ग्रिस्बी’मध्ये नायक झाँ गाबाँच्या जोडीचा उतारवयातला गुंड रितों आहे ना, तो रने दारी, म्हणजेच आपला बेबे.