प्लॅनोकोकस नावाचे दोन जीव

ऑक्टोबरची गोडी छाटणी होते, घड सुटतात, मण्यांत पाणी भरायला लागतं आणि निफाड-दिंडोरीकडच्या द्राक्षबागांत मिलीबग या किडीची धास्ती सुरू होते. घडाच्या देठाशी पांढरा कापूस दिसतो, मण्यांवर चिकटा येतो, चिकट्यावर काळी बुरशी चढते आणि खोडावरून मुंग्यांची रांग लागते. असा घड निर्यातीच्या पेटीत जात नाही. बागायतदार किडीचा नमुना तपासायला पाठवतो. अहवालात कुणी नुसतं ‘प्लॅनोकोकस’ एवढंच लिहिलं, तर तो अहवाल अर्धवट आहे, कारण या नावाचे दोन जीव आहेत. एक मिलीबग आहे, तर दुसरा जिवाणू.

शास्त्रीय नावात दोन शब्द असतात. पहिला प्रजातीचा, दुसरा जातीचा. प्लॅनोकोकस हे प्रजातीचं नाव जिवाणूंमध्ये जर्मन शास्त्रज्ञ वॉल्टर मिगुला यांनी १८९४ साली वापरलं. ग्रीक ‘प्लॅनोस’ म्हणजे भटका. हे जिवाणू गोल असूनही शेपटीसारख्या कशाभिकांनी हलतात, म्हणून भटका गोलक. मिलीबगच्या एका गटाला हेच नाव अमेरिकन कीटकशास्त्रज्ञ जी. एफ. फेरिस यांनी १९५० साली दिलं. जिवाणू साधारण एक मायक्रॉनचा, तर मिलीबगची मादी तीनेक मिलिमीटरची, म्हणजे आकारात सुमारे तीन हजार पटींचा फरक.

जातीच्या नावापाशी गोंधळ आणखी वाढतो. लिंबूवर्गीय झाडांवर, आणि द्राक्षावरही, येणारा मिलीबग म्हणजे प्लॅनोकोकस सिट्री. समुद्राच्या पाण्यात सापडणारा, खारटपणा सोसणारा पिवळसर नारिंगी जिवाणू म्हणजे प्लॅनोकोकस सिट्रिअस. ‘सिट्री’ म्हणजे लिंबाच्या झाडाचा, ‘सिट्रिअस’ म्हणजे लिंबाच्या रंगाचा. घाईत टंकताना शेवटची अक्षरं गळली की जिवाणूची कीड होते.

एवढी चूक होऊ शकते, तर जगभरच्या शास्त्रज्ञांनी हे चालू का दिलं? कारण नावांच्या नियमांची वही एक नाही, मुख्य वह्या तीन आहेत. प्राण्यांची वही वेगळी. तिची सुरुवात १ जानेवारी १७५८ पासून धरतात. वनस्पती, शेवाळं आणि बुरशी यांची दुसरी. त्यातल्या बहुतेक नावांची सुरुवात १ मे १७५३. जिवाणूंची तिसरी. तिच्यात १ जानेवारी १९८० ला सगळी पाटी पुसून नवी मान्य यादी लागू केली आणि यादीत न आलेल्या जुन्या नावांचा हक्क संपला. प्रत्येक वही आपल्या हद्दीत एक नाव दोनदा येऊ देत नाही. प्राण्यांच्या वहीत तर दोन प्रजातींच्या नावांत एका अक्षराचा फरक असला तरी ती वेगळी धरतात, पण तंतोतंत तेच नाव पुन्हा चालत नाही. शेजारच्या वहीत काय लिहिलंय, याचं बंधन मात्र फार काळ नव्हतं.

अपवाद जिवाणूंच्या वहीचा. तिला शेवाळं, बुरशी आणि आदिजीव यांच्या नावांचं बंधन होतं, कारण सूक्ष्मदर्शकाखाली ही मंडळी एकाच काचपट्टीवर भेटतात. अन्नातून येणाऱ्या लिस्टेरिया या जिवाणूचं मूळ नाव १९२७ साली लिस्टेरेला ठेवलं होतं. ते नाव आधीच दुसऱ्या सूक्ष्मजीवांना दिलेलं निघालं, म्हणून १९४० मध्ये त्याचं लिस्टेरिया केलं. कीटक त्या बंधनात नव्हते, म्हणून दोन्ही प्लॅनोकोकस टिकले. आता नव्या जिवाणूला प्रजातीचं नाव देताना प्राणी आणि वनस्पती यांच्यातलीही नावं टाळावीत असं नियम सांगतात, पण झालेली नावं बदलत नाहीत. ती बदलली तर शंभर वर्षांचे निबंध, औषधांची लेबलं आणि पाठ्यपुस्तकं सगळंच उलथेल.

नाशिककरांना यात आपलं वाटावं असं एक मूळ आहे. ‘कोकस’ हा शब्द ग्रीक ‘कोक्कोस’वरून आला, अर्थ दाणा किंवा बी. भूमध्य समुद्राकाठच्या ओकच्या झाडांवर काही खवलेकीटक (मिलीबगही याच गटातले) फांदीला दाण्यासारखे चिकटून बसत. लोक त्यांना फळच समजत आणि त्यांच्यापासून लाल रंग काढत. स्वीडिश शास्त्रज्ञ लिनियसने १७५८ साली खवलेकीटकांना कोकस हेच नाव दिलं आणि मिलीबगच्या कितीतरी प्रजातींच्या नावामागे ते शेपूट लागलं: स्यूडोकोकस, प्लॅनोकोकस, मॅकोनेलिकोकस. एकोणिसाव्या शतकात जिवाणूशास्त्रज्ञांना सूक्ष्मदर्शकात गोल दाणे दिसले, तेव्हा त्यांनाही तोच शब्द सुचला. स्कॉटिश शल्यचिकित्सक अलेक्झांडर ऑग्स्टन यांनी गळवाच्या पुवात गोल जिवाणूंचे घोस पाहिले आणि १८८२ मध्ये त्यांना स्टॅफिलोकोकस म्हटलं. ‘स्टॅफिले’ म्हणजे द्राक्षाचा घड. म्हणजे घडात लपणारी कीड आणि घडासारखा दिसणारा जिवाणू एकाच शब्दाची लेकरं आहेत. दोघांच्या नावांची टक्कर नुसता योगायोग म्हणून सोडून देता येत नाही. एकाच आकारावरून दोन शास्त्रांनी एकाच भाषेतून शब्द उचलला, तिथे ती होणारच होती. ऱ्होडोकोकसचंही असंच झालं: १८९१ पासून तो जिवाणू आहे आणि १९५३ पासून फळझाडांवरचा खवलेकीटकही.

बॅसिलसची गोष्टही आकाराचीच. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ छोटी काठी. दक्षिण युरोपातल्या काडीकिड्यांच्या प्रजातीला हे नाव १८२७ मध्येच मिळालं होतं. तिथला बॅसिलस रॉसिअस हा हुबेहूब वाळक्या काडीसारखा दिसतो. फर्डिनांड कोन यांनी १८७२ साली काठीच्या आकाराच्या जिवाणूंना बॅसिलस म्हटलं. पुढे हा शब्द इतका रुळला की कुठल्याही लांबट जिवाणूला सर्रास बॅसिलस म्हणू लागले. बाळाला देतात त्या बीसीजी लसीतला ‘बी’ हा बॅसिलसचा, पण लशीतला जिवाणू मायकोबॅक्टेरियम प्रजातीचा आहे. तिथे बॅसिलस हे प्रजातीचं नाव नसून नुसतं आकाराचं वर्णन आहे.

कृषी सेवा केंद्राच्या फळीवर मात्र खरा बॅसिलस मिळतो. टोमॅटोतली फळ पोखरणारी अळी किंवा कोबीवरची अळी यांच्यासाठी बॅसिलस थुरिंजिएन्सिस (थोडक्यात बीटी), आणि रोगांसाठी बॅसिलस सबटिलिस. लेबल वाचताना जातीच्या नावावर थांबू नये. त्यापुढे ‘कुर्स्टाकी’सारखा प्रकार, सेरोटाइप आणि स्ट्रेन लिहिलेला असतो, आणि तोच महत्त्वाचा, कारण एकाच जातीतल्या वेगवेगळ्या प्रकारांची विषद्रव्यं वेगवेगळ्या किडींवर चालतात. कुर्स्टाकी हा पतंगवर्गीय अळ्यांसाठी आहे. त्याचे प्रथिनाचे स्फटिक अळीच्या पोटात जावे लागतात, तिथल्या अल्कलीयुक्त रसात विरघळावे लागतात, मगच आतड्याच्या पेशी फुटतात. म्हणून पान खाणारी अळी मरते. मिलीबग पान खातच नाही. तो सोंड खुपसून आतला रस ओढतो, आणि पानावर बसलेला फवारा त्याच्या तोंडी लागत नाही. अळीसाठीचं बीटी मिलीबगवर मारून फायदा नसतो, तो यामुळे. अळीवरही फवारा संध्याकाळी आणि अळ्या लहान असताना घ्यायचा. उन्हातल्या अतिनील किरणांनी बीटी लवकर निकामी होतं आणि मोठ्या अळ्या त्याला सहज दाद देत नाहीत.

आकारावरून नव्हे, तर माणसावरून पडलेल्या नावांत यर्सिनियाची जोडी मनाला लागते. प्लेगचा जिवाणू म्हणजे यर्सिनिया पेस्टिस. अलेक्झांडर यर्सिन यांनी १८९४ साली हाँगकाँगच्या साथीत तो शोधला. मुंबईत प्लेग उसळल्यावर १८९७ मध्ये ते आपलं प्लेगविरोधी रक्तद्रव घेऊन मुंबईतही आले होते. त्यांच्या नावाने जिवाणूंची प्रजाती १९४४ मध्ये वेगळी काढली. पण त्याआधी ७५ वर्षं, १८६९ मध्येच, जिनिव्हाच्या आंरी द सोस्यूर यांनी एका प्रार्थना कीटकाच्या प्रजातीला यर्सिनिया म्हटलं होतं. तो मान वडिलांचा. त्यांचंही नाव अलेक्झांडर यर्सिन. ते टोळ-नाकतोड्यांचे अभ्यासक होते आणि १८६३ मध्ये मुलगा जन्माला येण्यापूर्वी काही आठवडे वारले. बापाचं नाव कीटकात, मुलाचं जिवाणूत, आणि दोन्हीकडे अक्षर न् अक्षर तेच.

रोथिया हे नाव तर तिन्ही वह्यांत आहे: तोंडात राहणारा जिवाणू, मादागास्करचे पतंग आणि भारतातही उगवणारी एक शेंगावर्गीय वनस्पती. मॉर्गनेला हा आतड्यातला जिवाणू आहे, खवलेकीटक आहे आणि बुरशीही. मेंदीची प्रजाती लॉसोनिया, आणि डुकरांच्या आतड्यात रोग करणारा जिवाणूही लॉसोनियाच. जगदीशचंद्र बोस यांच्या सन्मानार्थ १९९६ मध्ये एका जिवाणूला बोसिया म्हटलं, ते नावही लिनियसच्या काळापासून एका झुडपाचं आहे.

मग अहवालातला प्लॅनोकोकस कुठला, हे ओळखायचं कसं? सर्वांत सोपी खूण कुळाच्या नावात आहे. प्राण्यांच्या कुळाचं नाव ‘-इडी’ने संपतं, जिवाणूंचं आणि वनस्पतींचं ‘-एसी’ने. काडीकिडा बॅसिलिडी कुळातला, जिवाणू बॅसिलेसी कुळातला. मिलीबगचं कूळ स्यूडोकोकिडी. दुसरी खूण नावापुढच्या कर्त्याच्या नावात आणि सालात: प्राण्यांमध्ये ‘फेरिस, १९५०’ असा मध्ये स्वल्पविराम देतात, जिवाणूंमध्ये ‘मिगुला १८९४’ असं स्वल्पविरामाशिवाय. तिसरी खूण जनुकीय तपासणीत: कीटक ओळखायला सहसा सीओआय जनुक वाचतात, जिवाणू ओळखायला १६एस. संगणकावर हजारो नावांची यादी जुळवताना तर नुसत्या नावावर विसंबूच नये. जनुकीय विदापेढीत प्रत्येक गटाला स्वतंत्र क्रमांक असतो, बॅसिलस जिवाणूंचा १३८६. क्रमांकाने जुळवलं की काडीकिडा मातीच्या जिवाणूंत शिरत नाही.

शेतात भिंगानेही बरंच कळतं. महाराष्ट्रात द्राक्षावरचा मुख्य मिलीबग मॅकोनेलिकोकस हिर्सुटस आहे. मेणाची पूड बाजूला सारली तर अंग गुलाबी दिसतं आणि कडेने मेणाचे धागे नसतात. प्लॅनोकोकस सिट्रीच्या अंगाच्या कडेने आखूड धाग्यांच्या १८ जोड्या असतात आणि पाठीवर मधोमध एक गडदसर रेघ. खात्रीसाठी काचपट्टी करावी लागते. प्रौढ माद्या ७०-७५ टक्के अल्कोहोलमध्ये ठेवायच्या (डीएनए तपासायचा असेल तर ९५ टक्के). मग अंगाला बारीक भोक पाडून १० टक्के पोटॅशियम हायड्रॉक्साइडमध्ये मंद गरम करायचं, आतला मऊ भाग हलक्या हाताने दाबून काढायचा, ॲसिड फुक्सिनने रंगवायचं, अल्कोहोलने पाणी काढायचं, लवंगतेलात पारदर्शक करून कॅनडा बाल्समखाली बसवायचं. पोटॅशियम हायड्रॉक्साइड उकळलं तर कातडी फाटते. मेण नीट निघालं नाही तर कातडीवरची छिद्रं मोजता येत नाहीत आणि ओळख तिथेच अडते. पिल्लं किंवा पंखवाले नर पाठवून भागत नाही, कारण ओळखीच्या किल्ल्या (लक्षणांवरून जात ठरवायचे तक्ते) प्रौढ मादीवर बेतलेल्या असतात. नमुना घेताना सुटलेल्या सालीखाली पाहावं. माद्या तिथेच लपतात आणि मुंग्या तिथेच घुटमळतात.

मिलीबग ठेचून त्यातला १६एस वाचला, तर प्लॅनोकोकस जिवाणू निघणार नाही, तरी जिवाणू निघतीलच. प्लॅनोकोकस सिट्रीच्या पोटात खास पेशींचा एक अवयव असतो. त्या पेशींत ट्रेम्बलाया नावाचा जिवाणू राहतो, आणि त्या ट्रेम्बलायाच्या आत मोरानेला नावाचा दुसरा जिवाणू. द्राक्षवेलीच्या रसात साखर भरपूर, पण आवश्यक अमिनो आम्लं फार कमी; ती बनवायला हे दोन जिवाणू आणि कीटक स्वतः, तिघे मिळून एकेक पायरी उचलतात. ट्रेम्बलायाची जनुकसामग्री इतकी झिजली आहे की ती जेमतेम १ लाख ३९ हजार अक्षरांची उरली आहे. कीटकाबाहेर त्याला वाढवता येत नाही. म्हणून त्याच्या नावाच्या आधी ‘कॅन्डिडेटस’, म्हणजे उमेदवार, असा शब्द लावतात आणि जिवाणूंच्या वहीत त्याची पक्की नोंद होत नाही. मोरानेलाचंही तेच. या आतल्या पाहुण्याचं नाव रोमन लिपीत लिहिताना एक ‘g’ जास्त पडला तर मॉर्गनेला होतो, आणि मॉर्गनेला तर जिवाणूही आहे आणि खवलेकीटकही.