‘खानदेशी कॉमेडी’ म्हणजे अहिराणी? अंमळ थांबा

‘खानदेशी कॉमेडी’चा व्हिडिओ बघून “काय भन्नाट असते हो तुमची अहिराणी!” असं म्हणणारे पुण्या-मुंबईत हमखास भेटतात. घोटाळा असा, की त्या नावाने गाजलेले बरेच व्हिडिओ मालेगावचे, आणि त्यांची भाषा मालेगावी वळणाची हिंदी-उर्दू. “काय करी राहिना भो?” ही अहिराणी. जनगणनेत ती ‘खानदेशी’ या नावाखाली, मराठीपासून वेगळी मोजतात. (तिला ‘बिघडलेली मराठी’ म्हणणं हा आणखी एक गैरसमज.)

मालेगाव नाशिक जिल्ह्यातलं, यंत्रमागाचं. मागाच्या खडखडाटात शेजारच्याशीही ओरडूनच बोलावं लागतं. कामगारांची सुट्टी शुक्रवारी, म्हणजे नवा सिनेमा लागतो त्याच दिवशी. पडद्यावरचे संवाद तोंडपाठ झालेल्या या गावात शेख नासिर यांनी ‘मालेगाव के शोले’ हा ‘शोले’चा विडंबनपट केला. त्यात डाकू घोड्यांवरून नाही, सायकलींवरून येतात! पैसे नव्हते हे खरंच. पण रोज सायकल हाणत कारखाना गाठणाऱ्या प्रेक्षकाला त्या डाकूंत आपलीच कामाची पाळी सुटलेली दिसली असणार. उच्चाराला हसणारे आपण, बाहेरचे.