नेट-सेटच्या वादात सापडलेली इतिहासाच्या प्राध्यापकांची पिढी: पार्श्वभूमी

कोल्हापूर परिसरातल्या महाविद्यालयांतून सध्या इतिहासाचे जे प्राध्यापक साठी गाठून निवृत्त होत आहेत, ते बहुतेक नव्वदच्या दशकात नोकरीला लागलेले. त्यांच्या निरोप समारंभात पेन्शनचा विषय निघतोच. तो का निघतो, हे समजायला थोडे मागे जावे लागते.

इतिहासाच्या प्राध्यापकाला या शहरात एक वेगळा मान होता. राजाराम कॉलेजचे प्राचार्य डॉ. बाळकृष्ण यांनी डच आणि इंग्रज दप्तरे धुंडाळून शिवचरित्राचे खंड लिहिले. १९६२ साली शिवाजी विद्यापीठ झाले तेव्हा पहिले कुलगुरू आप्पासाहेब पवार हेही इतिहासाचेच. विद्यापीठाचा सगळा संसार उभा करत असतानाच त्यांनी ताराबाईकालीन कागदपत्रांचे संपादन केले. मूळ कागद वाचून छापणे हेच प्राध्यापकाचे मोठे काम, असा पायंडा इथे पडला तो तेव्हापासून.

पुढे गणित बदलले. विद्यापीठ अनुदान आयोगाने १९९१ मध्ये अधिव्याख्यातापदासाठी नेट ही राष्ट्रीय पात्रता परीक्षा सक्तीची केली; सेट ही तिच्याच धर्तीची राज्य पातळीवरची परीक्षा. राज्याने ती अट २३ ऑक्टोबर १९९२ पासून लागू धरली. पण नेट-सेट झालेले उमेदवार पुरेसे मिळत नव्हते आणि वर्ग तर चालवायचे होते. मग संस्थांनी एम.ए., एम.फिल. झालेल्यांना घेतले. जाहिरात निघाली, मुलाखत झाली, विद्यापीठाची मान्यताही आली. ३ एप्रिल २००० पर्यंत लागलेल्या अशा सगळ्यांवर 'बिगर नेट-सेट' असा शिक्का बसला. वर्गात शिकवणे, पेपर तपासणे, पीएच.डी. करणे सगळे चालू. फक्त सेवा नियमित आहे की नाही, हे अधांतरी.

२०१३ च्या फेब्रुवारीत या सेवा नियमित करण्यासह इतर मागण्यांसाठी प्राध्यापकांनी परीक्षेच्या कामावर बहिष्कार घातला, तो मे महिन्यापर्यंत चालला. विद्यार्थ्यांचे हाल झाले आणि पालकांचा राग प्राध्यापकांवरच निघाला. २७ जून २०१३ ला शासन निर्णय आला. सेवा नियमित झाल्या, पण निर्णयाच्या तारखेपासून! जुनी पेन्शन १ नोव्हेंबर २००५ पासून नोकरीला लागलेल्यांना बंद झालेली. म्हणजे १९९४ ला लागलेला माणूस कागदोपत्री २०१३ चा ठरला आणि जुन्या पेन्शनला मुकला. त्यावरून कोर्टकचेऱ्या सुरू झाल्या. ज्यांची नेमणूक शासनमान्य पदावर, रीतसर झाली, त्यांची वीस-वीस वर्षे अशी पुसणे हा सरळ अन्याय होता. नेट हवी होती तर मान्यता देतानाच अडवायचे होते.

या सगळ्यात एक नुकसान कुणी मोजले नाही. आयोगाच्या २०१० च्या नियमावलीने पदोन्नतीला एपीआयचे, म्हणजे शैक्षणिक कामगिरी मोजणारे गुण लावले. शोधनिबंध, चर्चासत्रे, प्रमाणपत्रे यांच्या फायली वाढल्या आणि मोडी कागदावर बसणारे कमी झाले. मोडी वाचणे हे काही महिनाभराच्या वर्गात पूर्ण येणारे काम नव्हे. आधी आडवी रेघ ओढून तिला अक्षरे टांगत जायची, शब्द तोडायचे नाहीत, बोरू शक्यतो उचलायचा नाही, अशी ती लिहिण्याची रीत. जुन्या कागदांवर साल सुहूर या अरबी शब्दांत मोजलेल्या कालगणनेत असते. 'सुहूर सन अशर मया व अलफ' एवढे लागले की दहा, शंभर, हजार मिळून १११० होतात. त्यात ५९९ मिळवले की १७०९ येते, म्हणजे ताराबाईंचा काळ. पण सुहूर वर्ष मृग नक्षत्राला, म्हणजे मे-जूनच्या सुमारास सुरू होते. कागद माघातला असेल तर तोवर इंग्रजी साल बदललेले असते, म्हणून १७१० धरावे लागते. ही एक चूक झाली तर पुढचा सगळा घटनाक्रम हुकतो.

अशी नजर जाणत्याच्या शेजारी बसून, कागदामागून कागद वाचूनच तयार होते. निवृत्त होणाऱ्यांपैकी ज्यांनी जुन्या पिढीशेजारी बसून ती कमावली, त्यांच्या रिकाम्या जागी आता तासिका तत्त्वावर नेमणुका होतात. तिथे मानधन घेतलेल्या तासांचे मिळते. दप्तरात कागद वाचत घालवलेल्या दिवसाचे काहीच मिळत नाही.